पुढील तारखेपर्यंत

चंदीगडच्या कोर्टात आमचा नंबर एकशे बारावा.
चार मिनिटं लागली.
जजसाहेबांनी लग्नाचा फोटो पाहिला:
झेंडूचे हार, मागे पिवळा पडदा,
सोमबीरच्या शर्टावर अजून दुकानातली घडी.
आदेशात लिहिलं,
विवाह वैध की अवैध यात आम्ही शिरत नाही,
जीविताला धोका आहे असं अर्जदारांचं म्हणणं,
सबब पोलिसांनी संरक्षण द्यावं
पुढील तारखेपर्यंत.

'जीवित' मी दोनदा वाचलं.
घरी नुसतं जीव म्हणायचो. तो म्हशीलाही असतो.

गोत वेगळं आमचं, पण शिवेला शीव लागलेली.
शेजारगावचे सगळे भाऊ, असं पंचायत म्हणते.
सोमबीर हसून विचारतो,
मग या भावांनी माझा मोबाईल का फोडला?
हसतो, आणि खिडकीपासून लांब बसतो.

जींदच्या पोलीस लाइनीत मागच्या दोन खोल्या,
पाच जोडपी, मध्ये दोरीवर रजया.
रात्री कोणी खोकलं
की बाकी नऊ जण श्वास धरतात.

पहाऱ्याला बाई मिळाली. छातीवरच्या पट्टीवर नाव: भतेरी.
भतेरी म्हणजे पुरे.
चौथी मुलगी झाली की देवाला ऐकू जावं म्हणून ठेवतात.
मी विचारलं, वाईट नाही वाटत, कोणी हाक मारली की?
लोकर गुंडाळत म्हणाली,
आता खांद्याला रायफल आहे.
हाक मारणारे जपून मारतात.

नवव्या दिवशी धुक्यातून अजमेर आला.
माझा धाकटा. सतराचा पाढा माझ्याकडूनच शिकलेला.
फाटकावर स्टीलचा डबा ठेवला,
आईनं दिलाय, म्हणाला,
माझ्या चपलांशी बोलल्यासारखं,
आणि सायकल वळवली.

चुरमा होता.
झाकण उघडताच खोलीभर आमचं स्वयंपाकघर.

भतेरीनं वास घेतला.
दाराशी लाइनीतलं कुत्रं बसलेलं.
तिनं त्याच्याकडे पाहिलं,
मग माझ्याकडे,
आणि मूठभर स्वतःच्या तोंडात टाकला.

तासभर थांब, एवढंच बोलली.
सुया उचलल्या.
स्वेटरची बाही चालू होती, बाटली हिरव्या रंगाची.
दहाजण तिचा गळा बघत बसलो.
मध्येच तिला घरून फोन:
कुकरची शिट्टी सापडत नाही.
फडताळात बघ, वरच्या, डाव्या हाताला. नाही? मग खालच्या.
टाके मोजत होती की मिनिटं, कळलं नाही.

मग म्हणाली, तूप घरचं आहे. खा.

मला घास गिळेना.
विष नव्हतं म्हणून नाही.
आईच्या हातात मी ते
तासभर ठेवलं होतं म्हणून.

तारखेला सरकारी वकील उभे राहिले.
वीस दिवसांत काही घडलं नाही, सबब धोका उरलेला नाही.
काही न घडणं
कोणी घडवलं होतं
हे कागदावर कुठे येतं?
अर्ज निकाली.
गरज पडल्यास नजीकच्या ठाण्याशी संपर्क साधावा.
नजीकचं ठाणं माझ्या काकांच्या दुकानासमोर आहे.

भतेरीनं रायफल जमा केली,
आदेशाच्या पाठीवर आपला नंबर लिहिला,
सात आहे की एक, नीट वाचून घेतला माझ्याकडून.
बदली झाली तरी उचलीन, म्हणाली.
बाही अर्धीच होती.

सोमबीर बॅग भरतोय. अजून शहर ठरलेलं नाही.
मी डबा घासला, पुसला.
रिकामा डबा परत देऊ नये, आईचंच म्हणणं.
भतेरीच्या पुडीतली उरलेली साखर
चमचाभर टाकली, झाकण दाबून लावलं.

आता तो फाटकाजवळच्या कट्ट्यावर आहे.
कोण नेईल, माहीत नाही.
कुत्रं येऊन हुंगून गेलं.